नियोजनाच्या सभेतले हळदीकुंकू

आमच्या अमरावतीच्या घरात मुले किती व्हावीत हे कधी कोणी ठरवले नाही. ती उन्हाळ्यासारखी येत. यंदा उन्हाळा नको, असे कोणी म्हणत नसे.

सासऱ्यांचे कापूस बाजारात अडतीचे दुकान होते. दोन भाऊ, दोन सुना, चूल एकच. दिवाळीला कापडाचा एक अख्खा तागा घरात येई आणि त्यातून सगळ्या मुलांचे कपडे बेतले जात. मुलांचे सदरे, मुलींचे फ्रॉक, उरलेल्याचे उशांचे अभ्रे. पाडव्याला सगळी एकदम बाहेर पडली की एखादे बँडपथक वाट चुकून आमच्या गल्लीत शिरल्यासारखे वाटे. दूध, कापड, शाळेची पाटी, सगळे सामाईक खात्यातून. त्यामुळे मूल वाढले म्हणून कोणा एका बापाच्या पोटात गोळा येत नसे. उलट जिच्या कडेवर मूल, तिचा स्वयंपाकघरातला शब्द वजनदार. मी अकोल्याहून अर्थशास्त्र घेऊन बी.ए. होऊन आले होते. लग्नानंतर त्यातले बरेचसे पुन्हा शिकावे लागले.

मला एकच मुलगी होती आणि मी मुलींच्या शाळेत शिकवत होते. गल्लीतल्या बायकांना या दोन्ही गोष्टींचा एकमेकींशी संबंध आहे असा दाट संशय होता.

"काहून वो मास्तरीणबाई, एकावरच थांबल्या?" नळावर कोणीतरी विचारायचेच.

"थांबली कुठं? दम घेऊन राहिली," मी म्हणायची. चार वर्षांत माझीही भाषा बरीच सुधारली होती.

खरा दम लागला होता तो जाऊबाईंना. माझ्यापेक्षा फार मोठ्या नव्हत्या त्या, पण पाच बाळंतपणे झाली होती. पाचव्याच्या वेळी रक्त थांबेना. डॉक्टरीणबाईंनी दोन दिवस घरी न जाता त्यांना वाचवले आणि मग भासऱ्यांना, म्हणजे जाऊबाईंच्या यजमानांना, बाहेर बोलावून सांगितले, "आता पुन्हा दिवस गेले तर माझ्याकडे आणू नका. मी काही करू शकणार नाही. हिला जरा ताकद आली की ऑपरेशन करून घ्या. तुमची सही लागेल."

आमचे भासरे तालमीतले गडी. पुरुषांचेही ऑपरेशन होते आणि ते सोपे असते, असे डॉक्टरीणबाईंनी सुचवून पाहिले. त्यावर भासऱ्यांनी स्वतःच्या दंडाकडे अशा नजरेने पाहिले की जणू तो आत्ताच कोणी काढून नेणार आहे. बायकोच्या ऑपरेशनाला मात्र त्यांची ना नव्हती. सही करतो म्हणाले. फक्त एक अट. "आई हो म्हणन तं."

तेव्हा जाऊबाईंचे मरण-जगणे आत्याबाईंच्या होकारावर येऊन थांबले. आत्याबाई म्हणजे आमच्या सासूबाई. आणि आत्याबाई नाही म्हणाल्या.

मी वाचलेल्या पुस्तकांत अशा सासवा देवाची इच्छा किंवा वंशाचा दिवा अशी कारणे देत. आमच्या आत्याबाई देवाला त्रास देत नसत आणि नातू दोन होतेच. त्यांची भीती वेगळीच होती, आणि ती कळायला मला महिना लागला. मी सरकारी पत्रक आणून त्यांना वाचून दाखवत होते. आईची प्रकृती, मुलांचे शिक्षण, सगळे मुद्दे झाले. त्या डाळ निवडता निवडता ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "लहाने, मले एक सांग. आपल्या गल्लीत दोन-तीन लेकरांवर थांबले असे कोन कोन हायेत?"

मी नावे सांगितली. बँकेतले एक साहेब, एक कंपाउंडर, पोस्टातले एक जण.

"थ्यायचे मायबाप कुठं हायेत?"

बँकवाल्यांचे दर्यापुरात. कंपाउंडरचे तिवशाला. पोस्टवाल्यांचे कुठे होते, देव जाणे.

"मंग?" म्हणाल्या. "हे कारभार वेगळं निघनाऱ्यायचे. आधी लेकरं मोजाची, मंग चूल मोजाची. मोठी आज ऑपरेशन करन, उद्या म्हणन माहं बिऱ्हाड वेगळं थाटून द्या."

पत्रकात या मुद्द्यावर एक ओळही नव्हती.

त्याच चैत्रात गावातल्या एका महिला मंडळाने कुटुंब नियोजनाची सभा ठेवली. आधीच्या सभांना कोणी फिरकले नव्हते. पाच खुर्च्यांवर कार्यकारिणी आणि सतरंजीवर कार्यकारिणीच्या मोलकरणी, असे ते दृश्य असे. म्हणून या वेळी मंडळाने युक्ती काढली. व्याख्यान आणि चैत्रातले हळदीकुंकू एकत्र. आंब्याची डाळ आणि पन्हे म्हटल्यावर बायका येणारच, आणि आल्या की डाळीबरोबर चार विचारही पोटात जातील. शाळेतली शिक्षिका म्हणून मला बोलावणे होते. मी दोघींना घेऊन गेले. जाऊबाई आल्या कारण मी हात धरून नेले. आत्याबाई आल्या कारण दुसऱ्यांच्या घरची आंब्याची डाळ कशी असते ते त्यांना पाहायचे होते.

हॉलमध्ये वाळ्याचे पडदे भिजवून लावले होते. व्यासपीठावर प्रमुख पाहुणे, गावातले एक बडे प्रस्थ. गळ्यात हार, हारामुळे हनुवटी वर. नऊ मुलांचे वडील होते ते. विषयाचा इतका दांडगा अनुभव असलेला वक्ता मंडळाला दुसरा मिळाला नसता. त्यांची तीन धाकटी पहिल्या रांगेत बसून पन्हे पीत होती आणि वडील राष्ट्रापुढील वाढत्या संकटावर बोलत होते. त्यांचे मराठी इतके शुद्ध होते की 'मूल' हा शब्द संपूर्ण भाषणात आला नाही. सगळी अपत्ये होती.

मागे एक मोठे चित्र टांगले होते. विजार घातलेला बाप, हातात घड्याळ घातलेली आई, एक मुलगा, एक मुलगी, आणि सगळे हसत असलेले.

आत्याबाईंनी ते चित्र बराच वेळ न्याहाळले. मग मला कोपराने ढोसले. "यायचे आजा-आजी काहून नाई काढले?"

"चित्र लहान आहे ना, आत्याबाई."

"चित्र मोठं हाये. घर लहान हाये." पलीकडची एक बाई हसली. आत्याबाईंनी तिला सामील करून घेतले. "पाय ना वो बाई, सासू-सासऱ्याले काढून टाकलं अन् कसे दात दाखवून राहिले."

माझी उरलीसुरली आशा तिथेच सतरंजीवर बसली. व्याख्यान टाळ्यांत संपले, पाहुणे हार सावरत मोटारीत बसले आणि हळदीकुंकू सुरू झाले.

आता जे झाले त्यात मंडळाच्या बायकांचा वाईट हेतू अजिबात नव्हता. चैत्रातले हळदीकुंकू म्हणजे कुंकू लावायचे, अत्तर लावायचे, डाळ-पन्हे द्यायचे आणि भिजवलेल्या हरभऱ्यांनी ओटी भरायची. वर्षानुवर्षे हात तसेच चालत आलेले. ओटी कशासाठी भरतात, हे त्या घडीला कोणाच्या डोक्यात आले नाही. तासभर 'आता पुरे' ऐकलेल्या बायका ओळीने उभ्या राहिल्या, पदर पसरू लागल्या, आणि अध्यक्षीणबाई स्वतः ओंजळी भरभरून प्रत्येकीला भरल्या ओटीचा आशीर्वाद देऊ लागल्या. वर नारळ. मला हसू आवरेना. मी पन्ह्याच्या पेल्यात तोंड घातले.

जाऊबाईंची पाळी आली. अध्यक्षीणबाईंनी ओंजळ पुढे केली. जाऊबाईंनी पदर पसरला नाही. दोन्ही हातांनी कमरेशी घट्ट आवळून धरला.

"पसरा ना," अध्यक्षीणबाई म्हणाल्या.

"माही ओटी नका भरू."

आवाज अगदी हलका होता, पण पुढच्या-मागच्या सगळ्या बायकांनी माना वळवल्या. सवाष्णीने ओटी नाकारायची म्हणजे ताटाला पाय लावण्यासारखेच. अध्यक्षीणबाईंच्या ओंजळीतून दोन-चार हरभरे खाली पडले. मी हसू विसरून आत्याबाईंकडे पाहिले. आता इथे, चारचौघींत, सुनेला काय ऐकावे लागणार?

आत्याबाई जाऊबाईंच्या चेहऱ्याकडे पाहत होत्या. बाळंतपणानंतर तो चेहरा कागदासारखा झाला होता. घरात आम्ही तो रोज पाहत होतो, म्हणून पाहतच नव्हतो. तिथे, एवढ्या धडधाकट बायकांच्या ओळीत, तो प्रथमच नीट दिसला असावा.

मग त्या अध्यक्षीणबाईंना म्हणाल्या, "थांबल्या काहून, बाई? आत्ता तुमीच तं सांगून राहिल्या होत्या, बस करा म्हणून. तिनं आयकलं तुमचं. आता तिच्यामागच्या बाईले भरा."

"अहो, पण नारळ तरी..."

"नारळ द्या इकडं. चटणी करू."

कोणीतरी खुदकन हसले आणि ओळ पुढे सरकली. आमच्या मागच्या दोघींनी पदर पसरला खरा, पण पसरण्याआधी क्षणभर थांबून. तेवढे मी पाहिले.

परतताना टांग्याचा घोडा नेहमीसारखा मध्येच अडला, टांगेवाल्याने त्याला नेहमीसारख्या शिव्या दिल्या. आत्याबाई मांडीवर नारळ धरून बसल्या होत्या. घर जवळ आले तेव्हा म्हणाल्या, "मोठे, एक इचारू? खरं सांगशीन?"

"इचारा ना."

"वेगळी तं नाई निघशीन?"

जाऊबाईंना असा प्रश्न कोणी विचारील असे स्वप्नातही वाटले नसावे. त्या आधी माझ्याकडे पाहू लागल्या, मग आत्याबाईंकडे. "आत्याबाई," म्हणाल्या, "मेली तं वेगळी निघन. जिती राह्यली तं इथंच हाये."

आत्याबाईंनी टांगेवाल्याला उगीचच झापले, हळू हाक म्हणून. टांगा तेव्हा दारात उभाच होता.

रात्रीच्या जेवणाला भासरे बसले तेव्हा त्यांच्या पानात चटणी वाढून आत्याबाई म्हणाल्या, "सही करून दे." भासऱ्यांनी मान हलवली आणि आणखी भाकरी मागितली. महिनाभर आमच्या घरावर बसलेला दगड असा चटणी-भाकरीच्या मध्ये उचलला गेला.

ऑपरेशन अकोल्याला करायचे ठरले. माझे माहेर तिथे होते. शिवाय आत्याबाईंचे मत, "इथं नको. गल्लीतल्या बाया दवाखान्यात भजनं म्हणायले येतीन." त्या स्वतः मात्र आल्या. माझ्या आईच्या घरी राहिल्या आणि रोज दवाखान्यात डबा घेऊन गेल्या. ऑपरेशनच्या सकाळी त्या बाहेर बाकावर बसून होत्या, एक शब्द न बोलता. मी त्यांना असे गप्प बसलेले तोवर पाहिले नव्हते. डॉक्टरांनी बाहेर येऊन सगळे ठीक आहे म्हटल्यावर त्यांनी पहिले वाक्य उच्चारले ते माझ्यासाठी होते. "तुह्या मायच्या वरनात हिंग नसते काय वो?"

मी ओळखले की आता खरेच सगळे ठीक आहे.

दोन-तीन दिवसांत त्यांनी वॉर्ड ताब्यात घेतला. शेजारच्या खाटेवर एक मुसलमान बाई होती, तिची सासू उशाशी. दोघी सासवा आपापल्या भाषेत एकमेकींशी तासन्‌तास बोलत. एकीची हिंदी वऱ्हाडी, दुसरीची वऱ्हाडी हिंदी, त्यामुळे अडचण कसलीच आली नाही. दोघींची भीती एकच निघाली, असे आत्याबाईंनी मला घरी येऊन सांगितले, जरा आश्चर्याने. "थेही भेते. पोरगा वेगळा निघन म्हणून."

"मग तुम्ही काय सांगितलं?"

"म्हटलं, आपल्या हातचं खाऊन पाय कोनाचा निघत नाई घरातून."

परत आलो. जाऊबाईंच्या अंगावर हळूहळू मांस चढले. पावसाळ्यापर्यंत गालांना रंग आला, आणि एके दिवशी स्वयंपाकघरातून माझ्या नावाने मोठ्या आवाजात ओरड ऐकू आली, की दूध उतू गेलं, पुस्तकं वाचून राहिली मेली. इतका आवाज त्यांच्यात वर्षभरात नव्हता. मी आनंदाने उठले आणि दूध पुसले.

गल्लीत आम्ही कोणाला काही सांगितले नव्हते, म्हणजे सगळ्यांना ठाऊक होते. पण नळावर टोमणे आले नाहीत. बायका आल्या त्या विरजण मागायला. एके दुपारी पलीकडच्या घरातली सून वाटी घेऊन आली. कडेवर एक, हाताशी एक, पोटात एक. विरजण घेतले तरी जाईना. दाराशी उभी राहून चौकट नखाने कोरत राहिली.

आत्याबाईंनी तिला पाटावर बसवले. "मोठे, इकडं ये. हिले सांग, दुखते काय, किती दिवस पडून राहा लागते. समदं सांग."

जाऊबाई हात पुसत आल्या आणि तिच्यासमोर बसल्या. मी पोरांना घेऊन आतल्या खोलीत गेले. व्याख्यान देण्याची माझी फार इच्छा होती, पण तिथे माझे काम नव्हते.

थोड्या वेळाने ती सून म्हणाली, "पन आमच्या आत्याबाई हो म्हन्तीन काय?"

आत्याबाई उठल्या. दुपारचे ऊन ऐन भरात होते. त्यांनी पदर डोक्यावर घेतला, पायांत चपला सरकवल्या. "तू बस इथं," म्हणाल्या, "तिच्याशी मी बोलते," आणि रस्ता ओलांडून तिच्या सासूकडे निघाल्या.