सोनं न शिकवणारी शाळा

आमची मुलगी चौथीत होती तेव्हा तिच्या बाबांना अमरावतीजवळच्या नांदगाव पेठेच्या एमआयडीसीत, कापड रंगवायच्या कारखान्यात काम मिळालं. मी अकोल्याच्या एका शाळेत विज्ञान शिकवते. ती नोकरी सोडण्यासारखी नव्हती. म्हणून ते अमरावतीला खोली करून राहू लागले आणि आम्ही दोघी अकोल्यालाच राहिलो. सुटी मिळाली की ते यायचे. एरवी रोज संध्याकाळी सातला फोन.

माझी शाळा सुटून मी घरी येईपर्यंत मुलगी शेजारच्या खालांकडे बसायची. खाला घरी शिवणकाम करायच्या आणि दुपारी बिनदुधाचा चहा प्यायच्या. एकदा त्यांनी तिच्यासमोर काळ्याभोर चहात लिंबू पिळलं. चहा एकदम फिका, लालसर झाला. "देखो बेटा, हो गई कीमिया," खाला म्हणाल्या.

त्या संध्याकाळी फोनवर तिनं विचारलं, "बाबा, किमया काय असते?"

"एका वस्तूची दुसरी करणं."

"त्याची शाळा असते?"

"असते ना. माह्या खोलीच्या खिडकीतून दिसते."

तिथून ती शाळा सुरू झाली. रोज थोडी थोडी बांधली जायची. त्या जगात दोन सूर्य होते, पण उन्हाळ्याचा सूर्य वर्षातून दोनच दिवस उगवायचा. हे अर्थातच अकोल्याच्या मुलीचं डोकं. शाळा जांभळ्या डोंगरावर होती. प्रवेश घ्यायला फी नव्हती, आपल्याला नकोशी झालेली एक वस्तू न्यायची. पहिल्या वर्षी गंजाचं केशर करायला शिकवत, दुसऱ्या वर्षी गोंगाटाचं मीठ. मी पोळ्या लाटता लाटता ऐकायची. एक दिवस राहवलं नाही.

"तांब्याचं सोनं होत नाही, हे तिले आत्ताच सांगून ठेवा," मी फोनकडे तोंड करून म्हणाले. "पुढं मलेच शिकवा लागते."

"त्या शाळेत सोनं शिकवतच नाहीत," ते म्हणाले.

"काहून?"

उत्तर मुलीनं दिलं. "सोनं शेवटच्या वर्षी असते आई. पण तोवर कोणालेच ते नको असते."

दोघं हसले. मीही हसले, पण मला थोडं बाहेर उभं असल्यासारखं वाटलं. विज्ञानाची बाई मी, आणि किमयेच्या शाळेत मला कोणी बोलावलं नव्हतं.

ती पाचवीत गेली त्या वर्षी कारखान्यात कामाचा जोर वाढला. पाळ्या बदलल्या. सातचा फोन कधी आठला, कधी येतच नसे. वाढदिवसाला नक्की येतो असं त्यांनी तिला सांगितलं होतं. संध्याकाळपर्यंत ती नवा फ्रॉक घालून खालांच्या ओट्यावर बसली. सहा वाजता बाबांचा फोन आला, सुटी रद्द झाली. तिनं शांतपणे ऐकून घेतलं. मग म्हणाली, "तुमाले शाळेतून काढलं हाये," आणि फोन माझ्या हातात दिला.

त्यानंतर ती त्यांच्याशी बोलेना. फोन वाजला की वही उघडून बसायची. ते मला विचारत, "काय करून राहिली?" मी म्हणायची, "अभ्यास." दोघांनाही माहीत होतं.

आठवडाभरानं मी ठरवलं, शाळा आपण चालवू. जेवताना मी सुरुवात केली, "आज काय झालं माहीत आहे? शाळेजवळच्या नदीत एका मुलानं मासा पकडला..."

"त्या नदीत मासे नसतात," ती ताटातच बघत म्हणाली. "तिथं फक्त आवाज पोहतात."

"मले कोणी सांगितलंच नाही," मी म्हणाले. चेष्टेत म्हणायला गेले, ते तक्रारीसारखं निघालं. तिनं मान वर करून माझ्याकडे पाहिलं.

"तुले पहिलीत बसा लागेल," ती म्हणाली. "पहिला पाठ असा असते, एक वस्तू आठ दिवस पाहायची. हात लावायचा नाही. काही सुधारायचं नाही."

रोज लाल पेन घेऊन वह्या तपासणाऱ्या बाईला हा पाठ कठीणच. मी वस्तू निवडली नाही, तिलाच पाहायचं ठरवलं. वही उलटी धरली तरी बोलले नाही, वेणी विस्कटली तरी गप्प राहिले. चौथ्या दिवशी माझ्या लक्षात आलं की सातच्या सुमारास ती आपली चटई फोनच्या जवळ ओढते. माझं आणि तिच्या बाबांचं बोलणं संपलं की परत लांब नेते.

हे मी त्यांना सांगितलं. "मले निघता येत नाही," ते म्हणाले. "पण रविवारी दुपार मोकळी आहे. तुमी दोघी या."

रविवारी आम्ही रेल्वेनं अमरावतीच्या अलीकडे बडनेऱ्याला उतरलो आणि ऑटोनं त्यांच्या खोलीवर गेलो. ते दारातच उभे होते. मुलगी माझ्या मागे राहिली. आत टेबलावर घट्ट झाकणाची एक बरणी होती, पिवळट हिरव्या पाण्याची. कारखान्याच्या प्रयोगशाळेतून साहेबांना विचारून आणली होती.

"मी पुन्हा प्रवेशपरीक्षा द्यायची म्हणतो," ते तिला म्हणाले. "परीक्षक कोण आहे?"

ती माझ्या मागूनच म्हणाली, "आई."

त्यांनी हातमोजे घातले, आपला पांढरा रुमाल बरणीत बुडवला, जरा थांबून चिमट्यानं बाहेर काढला. रुमाल हिरवट पिवळा दिसत होता. त्यांनी तो खिडकीत धरला. कडेकडेनं तो हिरवा झाला, मग निळसर, आणि आम्ही पाहता पाहता पुरता निळा.

"कोणी केलं?" मुलीनं मला विचारलं.

"हवेनं," मी म्हणाले. "हवा लागली की हा रंग निळा होतो. आत असेपर्यंत होत नाही."

"बाहेर यावं लागते त्याले," ती स्वतःशीच म्हणाली.

ते तिच्यासमोर खाली बसले. "वाढदिवसाले आलो नाही मी. सुटी नव्हती हे खरं आहे. पण नक्की येतो म्हणालो, ते चुकलं. पुढच्या वेळी जमेल तेवढंच सांगीन."

तेव्हा ती रडली. इतके दिवस रडली नव्हती. ते हातमोजे काढायचेही विसरले, त्यामुळे तिच्या फ्रॉकच्या पाठीवर चार निळी बोटं उमटली. ती धुऊनही गेली नाहीत. मला मात्र तिनं तीनदा विचारलं, "पास का नापास?" मी पास म्हणाले.

त्यानंतर फोन सातलाच यायचा असं नाही झालं. पाळ्या होत्या तशाच राहिल्या. पण येणार नसेल तर ते सकाळीच सांगत, आणि ती "बरं" म्हणायची. शाळा आणखी दोन वर्षं चालली.

आता ती आठवीत आहे. संध्याकाळी शिकवणीला जाते, मैत्रिणींबरोबर परत येते. जांभळ्या डोंगराचं नाव घरात निघत नाही. मागच्या आठवड्यात तिच्या बाबांचा फोन आला तेव्हा मी एकटीच होते. इकडचं तिकडचं बोलून झालं. मग जरा दबकत ते म्हणाले, "तुमच्या शाळेत यंदा नवी मुलं आली का?"

कोणती शाळा, हे मी विचारलं नाही.

"आली ना," मी म्हणाले, गॅस बंद केला आणि खुर्ची ओढून बसले. "एक मुलगी तर नकोशी वस्तू म्हणून आपली सावलीच घेऊन आली."

"मग? घेतली तिले?"

"ऐका तर," मी म्हणाले.