साखळी न सोडता झालेली मोजणी

हे मी आजवर कोणाला सांगितलं नाही. बायकोला नाही. धाकट्या भावाला तर नाहीच.

मोजणीसाहेब पाटलाच्या बाजेवर आडवा झाला होता. बाज पळसाच्या सावलीत. माझा बाप समोर उन्हात उभा, पागोटं काखेत. म्हणाला, "साहेब, पाटलानं बांधाचा दगड सरकवला. धुरा बारा पावलं माह्या वावरात आला."

साहेबानं डोळे उघडले नाहीत. "तांड्यावरचा ना रे तू?"

"जी."

"बैलावर मीठ लादून गावोगाव फिरनारे तुमी लोक. फिरत्या मानसाले धुरा कायले पाह्यजे?"

पाटील हसला. पाटलाचे गडी हसले. मीही हसलो. थोडंसं. पण हसलो.

आमचा जिल्हा नुकताच मुंबई राज्यात गेला होता. मोजणीचा अर्ज मीच लिहिला होता. तांड्यात सातवी पास मी एकटा. वर्षभर पुसदच्या कचेरीत खेटे घातले, तेव्हा कुठं हा साहेब उगवला. त्याला तांड्याचं पाणी चालत नव्हतं. तांड्याचे दोन कोंबडे पाटलाच्या चुलीवर शिजले, ते चालले. मोजायची लोखंडी साखळी गोणपाटात बांधून आणलेली. ती तशीच बांधलेली राहिली. जेवण झालं, ढेकर झाला, मग साहेबानं कागद काढला. सरकवलेल्या दगडाकडे बसल्या जागेवरून बोट केलं आणि लिहिलं: साखळीने मोजले, धुरा बरोबर आहे.

मग माझ्याकडे वळला. "तू शिकलेला दिसतं. ये, वर बस."

पाटलाच्या बाजेवर तांड्यातलं कोणी कधी बसलं नव्हतं. मी बसलो. काठावर. तेवढ्यावरच मी विकला गेलो. पंचनामा वाचला. पूर्ण वाचला. आणि पंच म्हणून सही केली.

बापानं हळूच विचारलं, "वाचलं ना तू?"

"वाचलं."

"बराबर हाय?"

"हो, बापू."

त्यानं अंगठा दिला.

लोक निदान जमीन घेऊन बेइमान होतात. मी बाजेच्या काठावर झालो.

त्यानंतर बाप स्वतःलाच बोल लावायचा. "आपल्याले कुठं वाचता येते? आपूनच चुकलो असू." मी समोर बसून भाकर खात असायचो.

चार वर्षांनी पोडावरच्या, म्हणजे कोलाम आदिवासींच्या वस्तीवरच्या, एका कोलामाच्या वावराची मोजणी निघाली. शेजारी तोच पाटील, बाज तीच, साहेब दुसरा. साखळी गोणपाटात. पंच म्हणून मला बोलावणं. पाटील म्हणाला, "या पंच, बसा वर."

मी उभाच राहिलो. "आधी साखळी सोडा."

"काहून रे? तुह्या बापाच्या वक्ताले सोडली होती का?"

कोलामानं माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "आज सोडा. नाही तं मी सही करत नाही. अन् पुसदले जाऊन सांगतो."

साखळी सुटली. पाटलाचा दगड कोलामाच्या वावरात नऊ पावलं आत निघाला. पाटील माझ्या पायाजवळ थुंकला. मी पाय हलवला नाही. कोलामानं मात्र वाकून हात जोडले, तेव्हा तिथून पळालो.

घरी बापानं विचारलं, "त्याच्या वावरात साखळी कशी सुटली?"

"साहेब चांगला होता," मी म्हणालो.

पुढच्या साली बाप गेला. आपण चुकलो असंच समजून गेला.

आता ते वावर भाऊ वाहतो. सरकलेल्या धुऱ्यापर्यंतच. पाटलाचा पोरगा आमच्या मातीतला कापूस वेचतो आणि भावाला रामराम घालतो. या आठवड्यात मी भावाला सांगणार. मग नव्या मोजणीचा अर्ज. त्यात पहिलं वाक्य हे: मागच्या पंचनाम्यावरची सही माझी आहे, साखळी सुटली नव्हती हे माहीत असून मी ती केली. चौकशी होऊ दे. मला आत टाकू दे. भाऊ तोंड बघणार नाही, नको बघू दे.

भावाची बारा पावलं माझ्याकडे बाकी आहेत. ती मी देणार. बापाला 'तुझं चुकलं नव्हतं' एवढं सांगायचंही बाकी आहे. ते आता कोणत्याच अर्जानं फिटत नाही.