पद्मावहिनी बोलायच्या

दादाचा फोन आला तेव्हा मी रोहणा गावच्या शाळेत सहामाहीचे पेपर तपासत बसलो होतो. "गेली रे," एवढंच तो बोलला. मागे वर्ध्याच्या दवाखान्यातला गलका ऐकू येत होता. मिळेल त्या एसटीनं देवळी गाठली. ओसरीवर माणसं जमली होती आणि दादा येईल त्याला डॉक्टरचं बोलणं सांगत होता. डॉक्टर म्हणाला होता, "अहो, हे पोटाचं दुखणं सहा-आठ महिन्यांचं आहे. यांनी घरात कधीच काही सांगितलं नाही?" त्यावर आपण काय उत्तर दिलं तेही दादा सांगे, "काई बोलेच नाई हो ते. पह्यल्यापासून अबोल." हे वाक्य त्या दुपारी मी दहा-बारा वेळा तरी ऐकलं असेल. दर वेळी समोरचा मान हलवून म्हणे, "देवमाणूस होती." मी उठलो. मागच्या अंगणात जाऊन उभा राहिलो. दुःख नंतर आलं; आधी आली ती शिसारी. दीड महिना झाला, ती काही उतरत नाही, म्हणून हे लिहायला बसलो आहे.

पद्मावहिनी ही माझ्या थोरल्या भावाची बायको. नव्वदीच्या सुरुवातीला लग्न होऊन त्या आदिलाबादकडून आमच्याकडे आल्या. आमचं देवळीत किराण्याचं दुकान. माझे आजोबा तिकडूनच आलेले आणि मरेपर्यंत हिशेबापुरतं तरी तेलुगू बोलणारे; पण दोन पिढ्यांत आम्ही ती भाषा अशी पुसून टाकली की जणू कधी नव्हतीच. आईचं माहेरही तिकडचंच. तिला तेलुगू अक्षर न् अक्षर कळायचं. नवी नवरी पहिल्या आठवड्यात तिच्यापाशी जाऊन "नीळ्ळु" म्हणाली, म्हणजे पाणी मागितलं, तर आई भिंतीकडे पाहत राहिली. ऐकू आलंच नाही असं! शेजारणी बसल्या होत्या ना. तहानलेल्या पोरीला पाणी देण्याआधी तिनं ते मराठीत मागावं, अशी आमच्या घराची रीत ठरली ती त्या दिवशी. आणि दादा? तो स्वतः दिवसभर गल्ल्यावर बसून "तुले किती पाहिजे, मले सुट्टे दे" करणार, पण बायकोनं मात्र पुस्तकातलं बोलावं. स्वतःच्या डोळ्यातलं मुसळ दिसत नाही म्हणतात ते खोटं नाही.

मग शिकवायचं काम माझ्याकडे आलं, कारण मी घरातला मास्तर. तेव्हा देवळीच्याच शाळेत मराठी शिकवायचो, नोकरी नवी होती आणि डोक्यात हवा होती. मी दुकानातल्या प्रत्येक डब्यावर चिठ्ठी लावली. गूळ, हिंग, धने, मोहरी, बडीशेप. वहिनींनी पंधरा दिवसांत सगळं दुकान पाठ केलं. मग मी विभक्तीचा तक्ता आणला. तोही त्यांनी पाढ्यांसारखा घडाघडा म्हणून दाखवला. मी खूश. शब्द झाले, व्याकरण झालं, आता राहिलं काय? राहिलं एवढंच की बाईला बोलता येईना. एकीकडे शब्दांचं पोतं, दुसरीकडे नियमांचं, आणि मधात ही उभी. एक वाक्य बोलायचं तर आधी शब्द शोधायचा, मग त्याचं लिंग, मग त्याला काय लागतं ते, मग क्रियापद... तोवर आई "राहू दे" म्हणून मोकळी व्हायची. आणि जीव एकवटून त्यांनी बोलायला सुरुवात केलीच, तर पहिल्या चुकीला मी हटकायचो. वाक्य पुरं होऊ दिलं नाही मी. वर्गात पोरांनाही नाही देत. लोक मला कडक शिक्षक म्हणतात आणि मला त्याचा अभिमान होता, हे लिहितानासुद्धा तोंड कडू होतं.

आता कॅसेटचं सांगतो. सांगायची लाज वाटते, पण न सांगून कुणाची अब्रू वाचवायची? दादाच्या लग्नात आलेला टेपरेकॉर्डर होता. आपल्या चुका आपल्या कानांनी ऐकल्या की माणूस सुधारतो, असं कुठंसं वाचून मी वहिनींचं बोलणं टेप केलं. त्यांना म्हटलं, मनाला येईल ते बोला. त्या बिचाऱ्या माझ्यावर विश्वास ठेवून बोलल्या. घरातलं, माहेरचं, आल्यागेल्याचं. त्यातलं एक वाक्य असं होतं, "भाऊजी जेवला नाही, म्हणून मी पण जेवला नाही, मी खूप भूक लागली." दिवाळीत माझे मेहुणे, म्हणजे ताईचे यजमान आले, त्यांना दादानं ही कॅसेट ऐकवली. "मी पण जेवला नाही" आलं आणि सगळी ओसरी फुटली. आई पदर तोंडाला लावून हसली. मी हसलो. हो, मीही. मग दर सणाला फर्माईश ठरलेली, "वहिनीची कॅसेट लावा बुवा!" चहा-फराळ द्यायला वहिनीच बाहेर येत आणि त्यांचाच आवाज पेटीतून ऐकू येत असे. आम्ही सगळे शिकले-सवरलेले लोक त्या वाक्यातलं क्रियापद ऐकत होतो. माझ्यासाठी थांबून एक बाई उपाशी राहिली होती, हे आमच्यातल्या एकाच्याही कानात शिरलं नाही. थू आमच्या शहाणपणावर.

तिसऱ्या का चौथ्या दिवाळीला कॅसेट सापडेना. दादानं घर पालथं घातलं. वहिनी पुरण वाटत बसल्या होत्या, मान वर केली नाही. पुढे हिवाळ्यात मी सायकलनं गिरजाबाईच्या भाजीच्या वाडीवरून चाललो होतो. गिरजाबाई आमच्या घरी भाजी टाकायची आणि बाजारात तिचं दुकान असायचं. तिच्या वांग्यांवर, पाखरं बसू नयेत म्हणून, या काठीपासून त्या काठीपर्यंत कॅसेटची फीत ताणून बांधली होती, उन्हात चकाकत होती आणि वाऱ्यानं गुंग् गुंग् वाजत होती. आमच्याकडे बहुतेक वाड्यांत असते तशीच. पण एका काठीच्या टोकाला प्लास्टिकची मोकळी डबी खोचली होती आणि तिच्यावर माझ्या अक्षरात लिहिलं होतं, "वहिनी : उच्चार व व्याकरण." मी उतरलो, पाहिलं आणि पुढे निघालो. घरी कुणाला सांगितलं नाही. तेवढं एक पुण्य माझ्या नावावर आहे, बाकी पाटी कोरी.

त्या सुमारास वहिनींनी घरात बोलणं जवळपास बंद केलं. हो, नाही, आणते, झालं. चार शब्दांत संसार. आम्हाला बरंच वाटलं. सून शांत असली की सासरला तो तिचा गुण वाटतो. मुलगी झाली, मंजू. ती बोलायला लागली तशी आईला टोकायला लागली, "आई, असं नाई, असं म्हण!" सहा वर्षांची चिमुरडी, आणि आम्ही काय केलं? शाबासकी दिली. हुशार आहे म्हणालो. आजीनं तिच्या हातावर खडीसाखर ठेवली. वहिनी त्या दिवशी मागच्या दारी भांडी घासत होत्या. एकच पातेलं कितीतरी वेळ घासत होत्या, एवढं आठवतं.

आणि मग तो बाजाराचा दिवस. मी मुलांच्या सहलीसाठी काकड्या घ्यायला गेलो होतो. गर्दीत एक बाई तावातावानं भांडत होती. "काऊन वं गिरजाबाई, ह्या मेथीचे देठ पाह्य बरं! मले काय आंधळी समजून राह्यली का? कालची जुडी पाण्यात बुडवून मह्या माथी मारते! मोठी बांध, नाई तं मी चालली त्या कोपऱ्यातल्या बाईकडं." आणि गिरजाबाई हसत हसत म्हणत होती, "जाय ना माय, कोन धरून ठेवलं तुले!" लोक हसत होते, पण हे हसणं वेगळं होतं, भांडणात रंगलेलं. मी पुढे होऊन पाहिलं तर पद्मावहिनी! कमरेवर हात, पदर खोचलेला, डोळ्यांत चमक. एक शब्द अडत नव्हता. देठ, जुडी, बाई, सगळ्यांना ज्याचं त्याचं शेपूट बरोबर चिकटलेलं. मी दहा वर्षं जे तक्त्यावरून शिकवू शकलो नाही, ते या मेथीवालीनं कधी शिकवलं? नंतर कळत गेलं की तिनं शिकवलंच नव्हतं. तिनं ऐकून घेतलं होतं. तिच्याकडे शब्द सुटा मिळतच नव्हता. वांगं आलं की "कशे देले" सोबत यायचं, मेथी आली की "पाह्य बरं" यायचं, राग यायचा, हसू यायचं, आणि त्या सगळ्याच्या पोटी व्याकरण आपोआप यायचं. मी मात्र शब्दाची मुळं तोडून, माती धुऊन, स्वच्छ करून त्यांच्या हातात दिला. अशी धुतलेली मेथी संध्याकाळपर्यंत मान टाकते, हे भाजीवाल्यांच्या पोरांनाही माहीत असतं. मला भाषेची पदवी होती.

वहिनींचं लक्ष माझ्याकडे गेलं. वाक्य अर्ध्यात होतं, "अन् मंग मी तिले म्हटलं का..." आणि तिथंच तोंड मिटलं. खोचलेला पदर सोडला, डोक्यावरून घेतला. "चला भाऊजी," म्हणाल्या, अगदी शुद्ध. वाटेत एक अक्षर नाही. तेव्हा म्हणायला हवं होतं की वहिनी, असंच बोला, घरीसुद्धा असंच बोला, मी ऐकतो. जीभ रेटली नाही. मास्तरकीची एक घमेंड असते, ती माणसाला माफी मागू देत नाही. पुढे माझी बदली रोहण्याला झाली आणि मी सणासुदीपुरता घरी येणारा पाहुणा झालो.

त्या गेल्यावर पेपरात जाहिरात द्यायची म्हणून मेहुण्यांनी मजकूर केला. "मनमिळाऊ, सोशिक व मितभाषी." मितभाषी! कॅसेटला सगळ्यात मोठ्यानं हसणारा हा माणूस, आणि शब्द बघा कसा देखणा शोधला. मी म्हटलं, हे काढा. "अरे, खरंच तं आहे," दादा म्हणाला, "अन् शब्द चांगला आहे ना." छापून आलं. तेरवीला पंगतीत लोक तोच शब्द चघळत होते, श्रीखंडासोबत. मला एक घास गेला नाही. गिरजाबाई आली होती, मागच्या दारी बसून रडत होती. मंजू तिला पाणी द्यायला गेली तर तिला पोटाशी धरून म्हणाली, "किती बोले वं तुही माय! तिच्या बिगर बाजार सुना लागते." मंजू तिच्याकडे पाहतच राहिली. चौदा वर्षांची पोर, आईच्या बोलण्याची गोष्ट तिनं पहिल्यांदा ऐकली असणार.

डॉक्टरचा तो प्रश्न मला झोपू देईना. यांनी कधीच काही सांगितलं नाही? म्हणून गेल्या बाजारी मी मुद्दाम देवळीला आलो आणि गिरजाबाईच्या दुकानापाशी पोत्यावर जाऊन बसलो. विचारलं, त्यांनी दुखण्याचं तुम्हाला काही सांगितलं होतं का?

तिनं आधी समोरचं गिऱ्हाईक वाटेला लावलं. मग म्हणाली, "सांगे ना. माह्यापाशीच तं सांगे सारं. घरी काऊन नाई सांगत म्हनून मी लय रागावली तिच्यावर. तं म्हने, सांगाले गेली का सारे मधातच थांबवते, मंग दुखनं राहते बाजूलेच."

मी मान खाली घातली. "पुढं?" म्हटलं.

"पोळ्याले तुमी आलते ना गुरुजी? तवा ते तुमाले सांगनार होती. तुमी शिकेल, तुमी दवाखान्यात नेसान म्हने. सांगाले सुरुवात बी केलती तिनं."

पोळा मला आठवत होता. पुरणपोळी आठवत होती, बैलाची पूजा आठवत होती. वहिनी माझ्याशी काही बोलायला लागल्या होत्या, हे काही केल्या आठवेना.

"मंग दुसऱ्या बाजारी आली," गिरजाबाई आवाज उतरवून म्हणाली, "इथंच बसली, तुमी बसले तिथं. अन् तिनं मले सांगतलं का..."

"सांगितलं," मी म्हणालो.

तोंडून कसं निघालं, कळलंच नाही. हळूच, वर्गात निघतं तसं.

गिरजाबाई थांबली. माझ्याकडे पाहिलं तिनं. "हो. तेच," म्हणाली, आणि पालकावर पाणी शिंपडायला लागली.

"मग? काय म्हणाल्या त्या?" मी विचारलं. पुन्हा विचारलं. हात जोडले.

"आता नाई आठवत गुरुजी," ती म्हणाली. "तुमी जा घरी."