आमची नावं लोकांच्या माळ्यावर

ठाण्याच्या कोर्टात मी निवृत्त होईपर्यंत रेकॉर्ड सांभाळलं. त्यामुळे ज्याचा कागद नाही ती गोष्ट घडलीच नाही, असा माझा पक्का समज होता. तो मोडायला अमेरिकेतून एक आजीबाई यावी लागली, आणि तीही फोनच्या पडद्यावर.

माझी मुलगी जॉर्जियात शिकते. तिची घरमालकीण पंचाहत्तरीची कृष्णवर्णीय बाई, निवृत्त शिक्षिका. स्वस्थ बसणं हा प्रकार तिला ठाऊक नाही. ती आपल्या वस्तीचा इतिहास लिहिते आहे. गुलामगिरीतून सुटलेल्या तिच्या पणजोबांच्या पिढीने पाइनच्या रानात जमीन घेतली, आधी चर्च बांधलं, मग त्याच्या मागे शाळा. या माणसांचे मालक कोण होते ते जुन्या दफ्तरात सापडतं, सुटल्यावर माणसांनी काय केलं ते फारसं सापडत नाही. शेवटी तिला नावं मिळाली ती एका गोधडीवर. चर्चसाठी वस्तीतल्या बायकांनी मिळून ती शिवली होती आणि प्रत्येकीने आपल्या तुकड्यावर आपलं नाव दोऱ्याने भरलं होतं. हे सगळं ऐकवून तिने मुलीमार्फत मला विचारलं, तुमच्या वस्तीचं काय?

आमची वस्ती म्हणजे कल्याणची बौद्धांची चाळ. ती पाडून तिथे आता टॉवर उभा आहे, आणि माणसं कोपरपासून टिटवाळ्यापर्यंत पांगली आहेत. मंडळाची इतिवृत्ताची वही वाळवीने खाल्ली, असं माजी सेक्रेटरी सांगतात. वाळवी बिचारी उलट बोलत नाही. मग मीच हौसेने तीन पानं लिहून पाठवली. सुरुवात होती, 'सदर चाळ ही पूर्वाभिमुख असून'. मुलीचा लगेच फोन आला. "आई, हा पंचनामा झाला. यात कुणी मेल्याशिवाय माणूस येणारच नाही."

त्याच आठवड्यात माझ्या आईने माळा साफ करायला काढला. आई ब्याऐंशीची, माझ्याकडेच कोपरला असते. जुनी भांडी भांडीवालीला देऊन एक नॉनस्टिक तवा घ्यायचा असा तिचा बेत होता. पोतं उचलताना मला एका पातेल्याच्या काठावर अक्षरं दिसली. भेट द्यायच्या भांड्यावर देणाऱ्याचं नाव घालायची आपली पद्धत. दिल्याची पावती दिल्याबरोबर, असं मी नेहमी थट्टेने म्हणायचे. आता खाली बसून एकेक भांडं वाचू लागले, तर अख्खी चाळ त्या पोत्यात होती. लग्न, बारसं, नोकरी लागली, गॅस आला. आणि प्रत्येक नावाला आईची पुरवणी. "हा वर्कशॉपमधला. डबा मोठा दिला, पण झाकण आजपर्यंत बसलं नाही."

रविवारी सकाळी आम्ही व्हिडिओ कॉल लावला. तिकडून गोधडी, इकडून पातेली, मध्ये दुभाषी माझी मुलगी. घरमालकीण आईच्या नावाआधी 'मिस' लावून हाक मारायची. तिकडे वडीलधाऱ्या बाईला मानाने तसंच म्हणतात. "माझं लग्न झालंय म्हणावं," आई म्हणाली. गोधडी जवळून दाखवल्यावर म्हणाली, "टाके लांब पडलेत, पण काम मायेचं आहे." मुलीने दुसऱ्या अर्ध्याचंच भाषांतर केलं.

मग त्या बाईने विचारलं, या भांड्यांत तुमचं नाव कुठे आहे?

"आपलं नाव आपल्या घरात कसं असेल? ते लोकांच्या माळ्यावर," आई म्हणाली. मग म्हणाली, "आणि तिथेही ह्यांचंच. भांडं मी निवडायचे, नाव ह्यांचं घालायचे."

घरमालकीण म्हणाली, गोधडी सापडली नसती तर तिची आजीही इतिहासात अमक्याची बायको एवढीच उरली असती. आई हातातलं पातेलं पदराने पुसत राहिली. मला मात्र लाज वाटली. जन्मभर मी परक्यांची नावं फायलींत जपली, आणि माझ्या आईचं नाव कुठे आहे हे मी कधी शोधलं नव्हतं.

चाळीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर मी लिहिलं, कृपया आपापले माळे तपासावेत, आमच्या घरून आलेलं भांडं असल्यास फोटो पाठवावा. आधी नेहमीप्रमाणे सुप्रभात आलं, मग गुलाब आले, मग हळूहळू फोटो. सगळीकडे माझ्या वडिलांचं नाव. चौथ्या दिवशी टिटवाळ्याहून फोन आला. आईची चाळीतली शेजारीण, तिच्याच वयाची, तिथे नव्या इमारतीत राहते. "माझ्याकडे एक डबा आहे. फोटोत अक्षरं उठत नाहीत गं," मावशी म्हणाली. "आईलाच घेऊन ये."

आम्ही रिक्षा करून गेलो. मावशीने पितळेचा डबा पुढे ठेवला. त्यावर ठिपक्याठिपक्यांनी, हाताने कोरलेलं आईचं नाव होतं. नुसतं नाव. वडिलांचं नाही, आडनाव नाही. खाली 'सातवी पास झाल्याबद्दल' आणि महिना, साल. महिना माझ्या जन्माचा होता, आणि सालही.

"समाजमंदिरात बायकांचा वर्ग होता संध्याकाळचा," मावशी सांगू लागली. "शेवटपर्यंत आम्ही दोघीच टिकलेलो. गणितं मला हिनेच शिकवली. परीक्षेच्या सकाळी हिला कळा सुरू झाल्या. मी पेपरला गेले, ही दवाखान्यात. आणि मी पास झाले तेव्हा हा डबा हिनेच दिला."

आईला अभ्यासाची आवड नव्हती, असं मी लहानपणापासून ऐकत आले होते. सांगणारी आईच.

"कधी बोलली का नाहीस?" मी विचारलं.

"तुला वाटलं असतं, तुझ्यामुळे राहिलं."

"माझ्यामुळेच राहिलं."

"पुढच्या वर्षी तुझ्या पाठीवर भाऊ आला. सगळं श्रेय तू एकटीने कशाला घेतेस?"

मला रडू आलं. मावशीने चहाचा कप माझ्या हातात दिला आणि दोघी म्हाताऱ्या टिटवाळ्याच्या पाण्याबद्दल बोलू लागल्या.

पुढच्या रविवारी जॉर्जियाची बाई वही उघडून बसली होती. आपल्या पुस्तकात तिला आमच्या चाळीचंही एक प्रकरण घालायचं आहे, आणि त्यात प्रत्येक बाईच्या नावापुढे एक ओळ. तुमच्यापुढे काय लिहू, असं तिने आईला विचारलं.

मी जुन्या सवयीने म्हणाले, "शिक्षण, सहावी."

आईने हातानेच मला गप्प केलं आणि फोनजवळ सरकली.

"लिहायला सांग गं," ती नातीला म्हणाली, "सातवीचा अभ्यास पूर्ण झालेला."