आबा आणि अकराची मीटिंग

मीटिंग चालू असताना मी मध्येच ताडकन उभी राहायचे, यावरून ऑफिसात माझी बरीच थट्टा झालेली आहे. अजूनही होते. आता आठवड्यातले तीन दिवस मी नवी मुंबईत असते, काचेच्या खोलीत बसते, आणि एखादा जुना सहकारी चहाच्या वेळी हमखास विचारतो, "काय मॅडम, आज उभ्या नाही राहिलात?" मी हसून सोडून देते. ज्यांच्यासाठी उभी राहायचे ते माझे सासरे होते आणि ते आता नाहीत, हे चहाच्या कपावर सांगायचं नसतं.

मी एका जहाज कंपनीत काम करते. जहाजं समुद्रात आणि मी जमिनीवर, असा मामला. प्रत्येक जहाजाचा कॅप्टन रोज दुपारी एक रिपोर्ट पाठवतो. आम्ही कुठे आहोत, कालपासून किती अंतर कापलं, तेल किती जळलं, वारा कुठला, लाटा केवढ्या. अशा चौदा जहाजांचे रिपोर्ट मी वाचते, चुका काढते, कुणी तेल जास्त जाळलं तर का म्हणून विचारते. धुळ्यात वाढलेल्या मुलीने हे काम करावं याचं माझ्या माहेरच्यांनाच नवल वाटायचं. मी समुद्र पहिल्यांदा पाहिला तोच मुळी नोकरी लागल्यावर. पण काम मला असं काही आवडलं होतं की चौदाही जहाजांना मी 'माझी जहाजं' म्हणायचे.

लग्न ठरलं पारोळ्याजवळच्या एका गावात. नवरा तिथल्या शाळेत शिक्षक. त्यांची बदली होणार नाही आणि माझं ऑफिस हलणार नाही, म्हणजे नोकरी कुणी सोडायची ते न बोलताच ठरल्यासारखं होतं. पण नेमकी तेव्हाच टाळेबंदी आली, ऑफिसला कुलूप लागलं आणि सगळ्यांना घरून काम करायला सांगितलं. मी म्हटलं, घरूनच करायचं तर घर कुठलंही चालेल. सासरी आले ती लॅपटॉप घेऊनच. सगळ्यांना वाटलं, चार महिन्यांचा खेळ आहे, संपेल. मला मात्र ती नोकरी सोडायची नव्हती. काहीही झालं तरी सोडायची नव्हती.

अडचण निघाली ती रेंजची. आमच्या घरात मोबाइलला रेंज यायची ती फक्त पुढच्या खोलीत, तीही खिडकीला चिकटून बसलं तर. आणि पुढची खोली म्हणजे घराचा रस्ताच. ओट्यावरून आत स्वयंपाकघरात जायचं तर तिथूनच जायला हवं. मी खिडकीपाशी टेबल मांडलं, एक प्लास्टिकची खुर्ची घेतली आणि जहाजं चालवायला लागले.

आबा, म्हणजे माझे सासरे, पहाटे शेतात जायचे आणि अकराच्या सुमाराला जेवायला घरी यायचे. आमची मीटिंगही अकराचीच. सगळे पडद्यावर जमायचे, मोठे साहेब प्रत्येक जहाजाचं विचारायचे. साहेब स्वतः पूर्वी कॅप्टन होते, त्यामुळे बोलणं मोजकं आणि आवाज चढा. माझं जहाज चालू असायचं आणि ओट्यावर आबांचं खाकरणं ऐकू यायचं.

खाकरणं म्हणजे सूचना. घरात सून आहे, तिला सावरायला वेळ मिळावा, म्हणून उंबऱ्याबाहेर थांबून खाकरायचं आणि मग आत यायचं. आणि सासरे आत आले की सुनेने डोक्यावर ओढणी घेऊन उभं राहायचं. आमच्याकडे सून सासऱ्यांसमोर खुर्चीवर बसत नाही, बाजेवर तर नाहीच नाही. मला हे कुणी शिकवलं नव्हतं की बजावलंही नव्हतं. माझ्या आईला मी तसं करताना पाहिलं होतं. आबा खाकरले की माझे पाय आपोआप उठायचे, डोक्यापर्यंत विचार पोचायच्या आत.

पडद्यावर काय दिसायचं? माझं तोंड वर निघून जायचं आणि खिडकीचा गज दिसायचा. आवाज मात्र चालूच, "सर, वारा वायव्येकडून आहे, वेग कमी झालाय." आबा मान खाली घालून भरभर आत जायचे. मग मी परत खाली अवतरायचे. सगळे खो खो हसायचे. मीही हसायचे, कारण मला त्यात वाईट वाटण्यासारखं काही दिसत नव्हतं. तसा राग माझ्या नाकाच्या शेंड्यावर असतो, पण हसणारी माणसं चांगली होती.

साहेबांना मात्र ते हसू कळत नव्हतं. एक दिवस त्यांनी गंभीर होऊन विचारलं, "तुमची पाठ दुखते का?" आता साहेबांना सासरा, खाकरणं, ओढणी हे सगळं कुठून समजावून सांगू? मी म्हटलं, "हो सर, थोडी." झालं! पंधरा दिवसांनी ऑफिसने माझ्यासाठी खुर्ची पाठवली. पाठीला जाळी, हाताला गाद्या, खाली पाच चाकं. पाठ धडधाकट असलेल्या बाईला.

ती आली पारोळ्याला, ट्रान्सपोर्टच्या गोदामात. आणायला गेले स्वतः आबा, ट्रॅक्टर घेऊन. ट्रॉलीत खाली कापसाची रिकामी पोती अंथरून, वरून दोर बांधून त्यांनी ती घरी आणली. माझ्याशी ते थेट बोलत नसत आणि मीही त्यांच्याशी बोलत नसे. मी समोर उभी असले तरी निरोप सासूबाईंमार्फत जायचा. ओट्यावर खुर्ची उतरवून ते सासूबाईंना म्हणाले, "तिले सांग, खुर्चीले कोठे खरचटेल नही शे." खुर्ची कुठे खरचटलेली नाही, एवढाच निरोप, आणि मी तीन हातांवर उभी होते. सासूबाईंनीही मोठ्या इमानाने मला सांगितलं, "खरचटेल नही शे."

दुपारभर गल्लीतल्या बायका खुर्ची बघायला येत होत्या, आणि ती कशी मिळाली ते मी प्रत्येकीला हसत सांगत होते. सासूबाईंनी बसून एक गरका घेतला आणि "माय वं!" करून टेबलाला धरलं. किती हसलो आम्ही. ती दुपार आठवली की अजूनही बरं वाटतं. आबा ओट्यावर जमिनीवर बसून आमचं हसणं ऐकत होते.

दुसऱ्या दिवशी अकरा वाजले, मीटिंग सुरू झाली, पण खाकरणं आलं नाही. माझं एक जहाज झालं, दुसरं झालं. मी कान देऊन होते. शेवटी मीटिंग संपल्यावर आत गेले तर आबा मागच्या खोलीत जेवत बसलेले, चपला गोठ्याच्या दारात. ते मागच्या दाराने आले होते. तिसऱ्या दिवशीही तसंच. त्यानंतर रोजच.

आमचं मागचं दार म्हणजे येण्या-जाण्याचं दार नव्हे. शेताकडून येणाऱ्या माणसाला पुढचं दार सरळ पडतं. मागून यायचं तर गल्ली ओलांडून पुढे जायचं, हातपंपाला वळसा घालायचा, शेजाऱ्यांच्या खळ्यातून बैलांच्या मागून गोठ्यात शिरायचं. आबांचा उजवा गुडघा तेव्हा जायबंदी होता. तरी ते तिकडून येत होते. मी काय समजायचं ते समजले. सून उंच खुर्चीवर बसलेली आणि सासरा जमिनीवर. म्हाताऱ्याला ते लागलं. माझं तोंडही बघायचं नाही त्यांना.

मी उपाय करून पाहिले. खुर्चीवर चादर टाकून ती कोपऱ्यात सारली, पाटावर लॅपटॉप ठेवून खाली बसले. दोन दिवसांत पाठ खरंच दुखायला लागली. आबा तरी मागूनच. सासूबाईंकडे विषय काढला तर त्या म्हणाल्या, "तू तुन्हं काम कर ना माय." यांना विचारलं तर हे म्हणाले, "आबांच्या मनातलं आबांना विचारावं." विचारणार कोण? मी थेट बोलू शकत नव्हते आणि बाकीचे बोलत नव्हते. हळूहळू मलाही राग यायला लागला. मी काय वाईट करत होते? घरचं सगळं आवरून बसत होते, कुणाची भाकरी थांबवली नव्हती. मनातल्या मनात मी आबांशी भरपूर भांडले. खुर्चीवर पुन्हा बसायला लागले, तेही मुद्दाम ऐटीत.

तरी ते दिवस वाईट होते असं मला म्हणवत नाही. दुपारी सगळे रिपोर्ट आले की सासूबाई हातातलं निवडणं घेऊन शेजारी बसायच्या आणि विचारायच्या, "आज तुन्हा जहाजं कथा शेतस?" मी नकाशावर एकेक दाखवायचे. एखादं वादळात असलं तर त्यांचा जीव टांगणीला लागायचा, दुसऱ्या दिवशी सगळ्यात आधी त्याचीच चौकशी. बाहेर उन्हाने गल्ली ओस पडलेली, खिडकीला ओलं पोतं बांधलेलं, आणि आम्ही दोघी तांदळातले खडे वेचत अटलांटिक महासागरातल्या लाटांची काळजी करतोय. तसं काम मी पुन्हा कुठे केलं नाही. नवी मुंबईत पडदा मोठा आहे, पण 'आज कुठे आहेत' असं विचारणारं कुणी नाही.

दीड वर्ष असं गेलं. मग ऑफिसचं पत्र आलं. सोमवार ते बुधवार ऑफिसात हजर राहायचं, उरलेले दिवस घरून. ज्यांना जमणार नाही त्यांनी महिनाअखेर कळवावं. कळवावं म्हणजे सोडावं, हे उघड होतं.

यांनी साथ दिली, नाही म्हणत नाही. म्हणाले, "तीनच दिवस तर आहेत, माझ्या मावशीकडे राहशील." पण पुढे म्हणाले, "आबा हो म्हणाले पाहिजेत." ज्या माणसाला मी घरातल्या खुर्चीवर बसलेली चालत नाही, तो मला दर आठवड्याला मुंबईला जाऊ देणार? मी राजीनामा लिहून ठेवला. चार ओळींचा होता, आणि लिहायला दोन दिवस लागले.

रविवारी सकाळी सगळे पुढच्या खोलीत बसले. आबा, हे, आणि आबांचे धाकटे भाऊ, म्हणजे आमचे काका. सासूबाई आणि मी आतल्या दारात उभ्या. कित्येक महिन्यांनी आबा त्या खोलीत बसलेले मी पाहत होते. यांनी विषय सांगितला. आधी काका बोलले. "सून बंबईले अन् पोरगा घर? लोके काय म्हनतीन?" मग त्यांनी गावातल्या एकदोन घरांची उदाहरणं दिली, पोरीबाळी बाहेर राहिल्या की काय होतं ते सांगितलं. मी दाराची चौकट घट्ट धरली होती आणि मनात म्हणत होते, संपलं, आता फक्त आबांनी मान हलवायची बाकी आहे.

काकांचं बोलणं संपल्यावर आबांनी टोपी काढून मांडीवर ठेवली.

"जाऊ द्या तिले," ते म्हणाले.

काका काहीतरी बोलायला गेले. आबांनी त्यांना हाताने थांबवलं.

"मी ओटावर खाकरनू का ती उठे. ती उठनी का त्या डब्बामाधला लोके हासेत. आपला घरनी सूनले आपलामुळे लोके हासेत. माले आईकू ये. म्हनीसन दीड वरीस मी मांगना दारथून घरमा येस, तिले कामवरथून उठनं पडू नये म्हनीसन. ते काय मी तिनी नोकरी सोडासाठे करं का?"

सासूबाई खाली बघत होत्या. त्यांना सगळं ठाऊक होतं, आणि त्यांनीही कुणाला सांगायचं नाही म्हणून ते पोटात ठेवलं होतं. मला इतकी लाज वाटली की काय सांगू. दीड वर्ष मी या माणसावर रुसले होते, ऐटीत बसून दाखवत होते, आणि ते तेवढ्यासाठी दुखऱ्या गुडघ्याने गल्लीला फेरा मारत होते.

मी ओढणी सावरली, दारातून दोन पावलं पुढे आले आणि सासूबाईंना मध्ये न घेता बोलले. लग्नानंतर पहिल्यांदाच.

"आबा, तुमचा गुडघा किती दुखत असेल."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. टोपी पुन्हा डोक्यावर घातली. पण उत्तर मलाच दिलं, मधल्या निरोपाशिवाय.

"दुखस थोडा. पन त्या वाटवर सावली शे."

दुसऱ्या दिवशी अकराच्या मीटिंगला मी पहिल्यांदा दांडी मारली आणि त्याच वेळेला ती वाट चालून पाहिली. गल्ली, हातपंप, शेजाऱ्यांचं खळं, आमचा गोठा. पूर्ण वाटेवर एकही झाड नव्हतं.