झाडांना आवतन देणारे लक्ष्मण मास्तर

लक्ष्मण मास्तरांना पंचाहत्तरावे वर्ष लागले म्हणून त्यांच्या जुन्या विद्यार्थ्यांनी हा गौरवग्रंथ काढायचे ठरवले आणि पहिला लेख माझ्याकडे सोपवला. मी मास्तरांचा सर्वांत जवळचा सहकारी, असे कारण सांगण्यात आले. ते कितपत खरे आहे, हे लेख वाचून झाल्यावर वाचकांनीच ठरवावे.

किन्हीराजाच्या पुढे मास्तरांचे गाव. तिथल्या शाळेत दुय्यम शिक्षक म्हणून रुजू व्हायला मी वाशीमहून बैलगाडीने गेलो, तेव्हा विशीतला होतो. सोबत एक वळकटी, एक ट्रंक आणि घरची इतकी आठवण की गाडीवानाकडे पाठ करून बसावे लागले. शाळेत हेडमास्तर, म्हणजे लक्ष्मण मास्तर, नव्हते. शाळेमागे त्यांची स्वतःची छोटी वाडी होती, तिथे ते एका कडुनिंबासमोर हात जोडून उभे होते आणि निंबावर चढलेल्या गुळवेलीशी बोलत होते.

"पाटलाच्या सुनेले ताप हाये. उद्या सकाळी तुले न्यायले येतो. राग मानू नको."

मग त्यांनी बुंध्याशी चिमूटभर तांदूळ ठेवले, वळले आणि मला पाहून म्हणाले, "जेवला का, बापू?"

हेडमास्तरांच्या डोक्यात काहीतरी बिघाड आहे, असे माझे मत झाले. पण पोटात कावळे ओरडत होते, म्हणून ते मत मी राखून ठेवले. तरोट्याची भाजी आणि ज्वारीची भाकर मास्तरांनी स्वतः रांधून वाढली. घरात दुसरे माणूस नव्हते, आणि का नव्हते हे मी विचारले नाही.

झाडाला आवतन देण्याची चाल जुनी आहे. औषधासाठी झाड तोडायचे तर आदल्या संध्याकाळी जाऊन त्याला सांगायचे, तांदूळ ठेवायचे आणि सकाळी जाऊन हवे तेवढेच आणायचे. आवतन दिले की गेलेच पाहिजे, नाहीतर झाडाचा अपमान होतो. मी तालुक्याच्या गावचा शहाणा, मला हसू आले. मास्तर रागावले नाहीत.

"झाडाले काय कयते ते मले ठाऊक नाई, बापू. पण आवतनाच्या निमित्तानं आपून झाड दोनदा पाह्यतो. संध्याकाळी गरजेनं पाह्यतो, सकाळी डोयानं पाह्यतो."

मास्तरांचे काम किती मोठे, ते त्यांच्या वहीवरून कळते. रानातली वनस्पती आणायची, जुन्या वर्तमानपत्रांत दाबून सुकवायची, जाड कागदावर चिकटवायची आणि खाली नाव, जागा, उपयोग लिहायचा. अशा पानांचे चार गठ्ठे त्यांनी एकट्याने केले आहेत. दर रविवारी आम्ही माळावर जात असू. झाडाचे नाव ते आपणहून कधीच सांगत नसत. पान, वास आणि उभे राहण्याची जागा, या तीन खुणा सांगितल्याशिवाय नाव मिळायचे नाही. तांड्यावरची एक म्हातारी बाजाराला जाताना वाडीपाशी थांबे. मास्तर उठून तिला बसायला घोंगडी देत आणि पोरांना सांगत, "पाया पडा. माही अर्धी वही या बाईची हाये."

एकदा दिपोटी साहेब शाळा तपासायला आले. त्यांना वाडीत निर्गुडी, अडुळसा, रिंगणी, शतावरी असला संसार दिसला. "शाळेच्या बाजूला गुलाब सोडून हे जंगल काय लावलंत?" ते म्हणाले. मास्तरांनी नम्रपणे उत्तर दिले, "साहेब, तुमच्या घोड्याचा पाय सुजला होता. आत्ताच त्याच जंगलातला निर्गुडीचा पाला बांधून आलो." शेऱ्यात साहेबांनी जंगलाचा उल्लेख केला नाही.

त्या वहीचे पहिले पान मात्र मला पहिल्याच आठवड्यात दाखवले गेले होते. हृदयाच्या आकाराची पाने असलेली एक वेल, आणि खाली फक्त दोन शब्द: 'चुकलेली वेल'. नाव नाही, जागा नाही. "हे आधी पाह्य, मंग बाकीची," एवढेच मास्तर बोलले.

त्याचा अर्थ मला चौथ्या वर्षी कळला. माझे बिऱ्हाड नुकतेच गावात आले होते आणि पत्नीला ताप भरला. मास्तर गावाला गेलेले. मी घाबरून ओढ्याकाठी धावलो आणि गुळवेल म्हणून हातभर वेल तोडून आणली. काढा उकळायला ठेवणार तोच मास्तर आले. त्यांनी वेल हातात घेतली, पान उलटून पाहिले आणि घरी जाऊन वही आणली. माझी वेल आणि पहिल्या पानावरची वेल एकच होती. पाने गुळवेलीसारखी, पण गुळवेल नव्हे.

"हे माह्या घरचं पान हाये," ते म्हणाले.

तापाच्या मोठ्या साथीत मास्तर सगळ्या गावाला गुळवेल पुरवत होते. त्यांच्या स्वतःच्या घरी ताप शिरला त्या दिवशी आवतनाला सवड नव्हती. धावत गेले, तोडली, धावत आले. तीन दिवस काढा दिला आणि चौथ्या दिवशी मास्तरीणबाई गेल्या. कोणालाही औषध दिले की त्यातली एक डहाळी दाबून ठेवायची त्यांची रीत होती. तेरावा झाल्यावर कागद बदलताना त्यांना ती डहाळी दिसली.

वेल विषारी नव्हती. त्या साथीत खरी गुळवेल घेऊनही माणसे गेली. गावाने त्यांना हे सांगितले, मीही सांगितले. मास्तर म्हणाले, "तसंबी असन. पण मले ते कधी कयणार नाई." मग त्यांनी कडुनिंबावरची गुळवेल दोनदा पाहून आणली आणि दोन दिवस आमच्या ओसरीवर बसून राहिले. माझी पत्नी बरी झाली. ते उपकार कसे फेडायचे हे मला आजवर समजलेले नाही, आणि पुढे मी जे केले ते तर फेड म्हणावी असे मुळीच नव्हते.

आठ वर्षांपूर्वी माझी बदली वाशीमला झाली. गाडी जुंपल्यावर मी म्हणालो, "दिवाळीत येतो, मास्तर." गेलो नाही. त्या दिवाळीत नाही, पुढच्याही नाही. कारणे होती. माणसाला कारणांची कधी वाण पडत नाही.

या ग्रंथाच्या प्रकाशन समारंभाचे निमंत्रण घेऊन गेल्या महिन्यात गेलो. मास्तर ओसरीवर बसलेले. डोळ्यांत मोतीबिंदू. मला त्यांनी आवाजावरून ओळखले. वाडी हिरवी होती, ती ते हाताने चाचपून राखतात. पण दोन वर्षांपासून त्यांनी औषध देणे बंद केले आहे. दुसऱ्यांदा पाहता येत नाही, मग द्यायचे कसे? औषध थांबले तशी माणसेही येईनाशी झाली. मी विचारले, दिवस कसा जातो?

"बोलायले झाडं हायेत. सारं ऐकून घेतात. पण एखादं नाव इसरलं, तर सांगत नाईत." थोड्या वेळाने ते म्हणाले, "तू आवतन देऊन गेल्ता, बापू. मी लय दिवस वाट पाह्यली."

त्यांच्या आवाजात राग नव्हता. तो असता तर मला सोपे गेले असते.

इतक्यात शेजारची म्हातारी आली. तिच्या सुनेला चार दिवसांपासून ताप होता. मास्तरांनी सवयीने नाही म्हटले आणि मग माझ्या दिशेला तोंड करून विचारले, "सकायपर्यंत राह्यशीन का?"

दुसऱ्या दिवशी माझी शाळा होती. मी राहिलो. मास्तर भिंतीला हात लावत कडुनिंबापाशी गेले, तांदूळ ठेवले, हात जोडले. सकाळी त्यांनी वेल धरली आणि मी आडवी कापली; खऱ्या गुळवेलीच्या कापात आऱ्यांचे चाक दिसते.

"आत चाक दिसते का?"

"दिसते, मास्तर."

"पुन्हा पाह्य."

मी पुन्हा पाहिले. चाकाच्या आऱ्या स्पष्ट होत्या. खोडावरची कागदासारखी साल, खाली लोंबणारे मुळांचे दोरे, सगळे पाहून सांगितले. म्हातारी वेल घेऊन गेली. मास्तरांनी एक डहाळी काढून ठेवली होती, ती वहीच्या शेवटच्या पानासाठी माझ्या हाती दिली. खाली काय लिहू, असे मी विचारले. त्यांनी डहाळीचे पान बोटांनी चाचपले. मग म्हणाले, "लिही, बरोबर हाये."

मास्तरांना शंभरी लाभो, त्यांचे हातपाय असेच चालते राहोत आणि वाडी अशीच हिरवी राहो, ही आम्हा सर्वांची प्रार्थना. पण नुसत्या प्रार्थनेने त्यांची ओसरी भरणार नाही. ज्यांचे डोळे अजून चांगले आहेत, त्यांनी तिथे जावे.

त्या दिवशी निघताना मी म्हणालो, "येतो, मास्तर."

"कवा?" त्यांनी विचारले.

मी वार सांगितला, आणि त्या वारी गेलो.