आज्ञाधारक नसल्याचा दाखला

"वन मोअर, अंकल."

असं तो म्हणाला की समजायचं, अजून निदान चाळीस बाकी आहेत. डाव्या बुटाचं टोक जमिनीवर दोनदा टेकवायचा, दारावर टकटक करून आत येऊ का विचारावं तसं, आणि मग चेंडू आमच्या बिल्डिंगच्या मागच्या भिंतीवर हाणायचा. ठप्प. चेंडू परत. ठप्प. भिंतीवर गुडघ्याच्या उंचीवर त्यानं खडूनं एक वर्तुळ काढलं होतं, जेवणाच्या ताटाएवढं. चेंडू त्यात लागला तर मोजायचा. नाही लागला तर मोजायचा नाही, नुसता माझ्याकडे बघायचा. कारण भिंतीवरून वेडावाकडा सुटलेला चेंडू वाळूच्या प्लॉटमधून, पार्क केलेल्या गाड्यांच्या खालून शोधून आणायचं काम माझं होतं.

मी तेव्हा त्रेचाळीस वर्षांचा, शारजाच्या हमरिया फ्री झोनमधल्या एका सळयांच्या कंपनीत परचेस मॅनेजर. माझ्या सहीशिवाय त्या कंपनीत खिळा येत नसे. आणि संध्याकाळी हा माणूस दुबईतल्या अल बर्शात कुणाच्या तरी लँडक्रूझरखाली आडवा पडून छत्रीच्या दांड्यानं चेंडू ओढतोय. आमचा नातूर, म्हणजे बिल्डिंगचा वॉचमन, खुर्ची टाकून हा सोहळा बघायचा. म्हणायचा, "साब, ये लड़का एक दिन दीवार खा जाएगा. और आपकी कमर."

मुलगा वेल्श होता. पंधरा वर्षांचा, काटकुळा, नाकावर कायम सोललेली कातडी. मंदीच्या वर्षभर आधी, तेरा वर्षांचा असताना, बापाबरोबर आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये राहायला आला. बाप बांधकामांवर क्रेनचा सुपरवायझर. आई मागेच, दुसऱ्या गावी, दुसऱ्या संसारात.

पहिल्या भेटीतच मी माती खाल्ली. लिफ्टमध्ये विचारलं, "इंग्लंडमध्ये कुठे?"

"वेल्स."

"हो, म्हणजे इंग्लंडच ना?"

त्यानं दुसऱ्या मजल्याचं बटण दाबलं आणि उतरून गेला. राहायचा चौथ्यावर.

मला राग आला होता. मग एक दिवस ऑफिसात माझा लेबनीज साहेब पाहुण्याला माझी ओळख करून देताना म्हणाला, "हा आपला मद्रासचा माणूस." मी म्हटलं, "सर, पुणे. मराठी." साहेब म्हणाला, "सेम सेम, हबीबी." त्या दिवशी घरी आल्यावर मी समोरची बेल वाजवली आणि म्हटलं, "वेल्श. इंग्लिश नाही. बरोबर?" त्यानं दार पूर्ण उघडलं. तेव्हापासून आमची मैत्री.

'अंकल' तो बिल्डिंगमधल्या भारतीय पोरांकडून शिकला. 'काकू' म्हणायला हिनं शिकवलं. त्या बदल्यात त्याला थालीपीठ मिळायचं, ते तो केचपबरोबर खायचा, आणि ही ते बघून डोळे मिटून घ्यायची.

आता मुख्य गोष्ट सांगतो, म्हणजे तो भिंतीमागे का लागला होता ते कळेल. नवव्या वर्षापासून तो तिकडच्या एका व्यावसायिक क्लबच्या अकादमीत होता. आजोबा पावाच्या गाडीतून आठवड्यातून तीनदा पोचवायचे. या अकादम्यांत लहानपणी पुष्कळ पोरं घेतात आणि सोळाव्या वर्षी चाळणी लावतात. जे राहतील त्यांना पुढची दोन वर्षं क्लब शिकवतो, पगार देतो; बाकीच्यांना घरी पाठवतो. आपल्याकडच्या दहावीच्या निकालासारखंच, फक्त इथं फेरपरीक्षा नाही. तेराव्या वर्षी बापाबरोबर दुबईला यावं लागलं तेव्हा कोच त्याला म्हणाले होते, "सोळाचा व्हायच्या आत तुला एकदा बघू." एवढ्या एका वाक्यावर हा पोरगा तीन वर्षं भिंतीशी खेळला.

सुरुवातीला नुसती भिंत नव्हती. बिल्डिंगमधल्या पोरांची चांगली अकराजणांची टीम होती. मग दोन हजार आठचं वर्ष संपता संपता समोरच्या साइटवरच्या क्रेनी जिथे होत्या तिथेच उभ्या राहिल्या. आणि टीम गळायला लागली. गोलकीपर कॅनडाला गेला. दोघे बॅक केरळला. मधला एक लाहोरचा, तो सांगायलाही आला नाही. त्याच्या बाल्कनीतले कपडे मात्र आठवडाभर वाळत होते. पुढच्या उन्हाळ्यापर्यंत टीममध्ये एकटा हाच उरला.

माझ्या घरीही तेच. कंपनीनं शाळेच्या फीचा भत्ता काढून घेतला, तेव्हा ही दोन्ही मुलांना घेऊन पुण्याला गेली. "वर्षभराचा प्रश्न आहे," मी म्हटलं होतं. सळयांना गिऱ्हाईक नसल्यानं कंपनी दुपारीच सुटायची. चारला मी घरी. चार ते झोपेपर्यंत काय करायचं हे मला कुणी शिकवलं नव्हतं. त्याचा बाप आता शनिवार ते बुधवार अबुधाबीच्या साइटवर राहायचा. जाताना मला म्हणाला होता, "जरा लक्ष ठेव रे बाबा." समोरासमोर दोन दारं, आणि प्रत्येकात एकेक माणूस. मी खाली उतरलो तो लक्ष ठेवायला. गाडीखाली कधी शिरायला लागलो ते आठवत नाही.

आणि मग फेब्रुवारीत त्याच्या क्लबची मंडळी उन्हात सराव करायला आठवड्यासाठी दुबईत आली. कोचचा निरोप आला: अमुक मैदानावर सकाळी नऊला ये, बरोबर मोठं माणूस आण.

बापाला सुटी मिळेना. "अंकल, तुम्ही याल?" त्यानं विचारलं.

मी येणार नाही तर कोण. इस्त्रीचा शर्ट, टाय, हातात फाइल. फाइलमध्ये काहीच नव्हतं, पण रिकाम्या हातानं मुलाला दाखवायला नेत नाहीत.

तो खेळला. मला फुटबॉलमधलं एवढंच कळतं की इतर पोरं चेंडूच्या मागे पळत होती आणि चेंडू ह्याच्या मागे. कोच, पांढऱ्या केसांचे, चड्डीतले, माझ्या शेजारी येऊन उभे राहिले. म्हणाले, "खेळ दिसतोय. मुलगा कसा आहे, ते सांगा."

वाचकहो, इथं माझा तोल गेला. मुलगा कसा आहे असं विचारल्यावर आपल्या लोकांच्या तोंडून जे आपोआप बाहेर पडतं, ते पडलं. मी दोन पुतण्यांची लग्नं जमवलेला माणूस. म्हटलं, "अत्यंत शांत. आज्ञाधारक. कुणाशी भांडण नाही, वर मान करून बोलणं नाही. गणितात हुशार. आमच्या डोक्यात इंजिनिअरिंग आहे. फुटबॉल काय, तब्येतीसाठी चांगला असतो." कोच सगळं वहीत लिहून घेत होते. ते बघून मला आणखी चेव आला. म्हटलं, "चहासुद्धा पीत नाही."

घरी येताना मी गाडीत शीळ घालत होतो.

दहा दिवसांनी मेल आली. भिंतीपाशी उभ्यानंच त्यानं ती मला वाचून दाखवली. चेंडूवरचा ताबा उत्तम. मात्र आमच्याकडे लागणारी जिद्द, आक्रमकपणा दिसला नाही. मुलगा शांत, आज्ञाधारक, गणितात हुशार, कुटुंबाचा कल इंजिनिअरिंगकडे आहे, तो योग्यच. फुटबॉल छंद म्हणून जरूर चालू ठेवावा.

"गणितात हुशार?" तो म्हणाला. "मी?"

त्याला गणितात शंभरात अठ्ठावीस होते. मी म्हटलं, "चुकून दुसऱ्या कुणाचं आलं असेल." आणि ऑफिसचा फोन आल्यासारखं करून वर गेलो.

तीन दिवस मी पुढच्या दारानं आलो-गेलो. पहिले दोन दिवस मागून ठप्प-ठप्प ऐकू येत होतं, पूर्वीपेक्षा जोरात. तिसऱ्या दिवशी ते थांबलं. मी बाल्कनीत उभा राहिलो. सहा वाजले. साडेसहा. फोनवर ही म्हणाली, "काय झालंय? आवाज असा का येतोय?" मी म्हटलं, "इथं फार शांतता आहे." ती म्हणाली, "मग बरंच आहे की."

खाली गेलो. तो चेंडूवर बसला होता, भिंतीकडे पाठ करून. बूट काढलेले.

मी सगळं सांगितलं. चहासुद्धा पीत नाही, इथपर्यंत.

तो वाळूत पायाच्या अंगठ्यानं खड्डा करत राहिला. मग म्हणाला, "तुम्हाला खरंच असं वाटतं माझ्याबद्दल?"

"हो, म्हणजे, चांगलंच वाटतं."

"माझ्याबद्दल इतकं चांगलं कुणीच बोललं नव्हतं, अंकल." आणि मग, "पण तो मी नाही."

मी म्हटलं, "बूट घाल. वर चल."

परचेसमध्ये वीस वर्षं काढलेल्या माणसाला एक गोष्ट येते: चुकीचं पत्र गेलं असेल तर रद्द कसं करायचं. जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप उघडला आणि कोचना लिहायला घेतलं. 'दिनांक अमुक रोजी आपल्याशी झालेल्या तोंडी चर्चेच्या संदर्भात, मी पुरवलेली माहिती संपूर्णपणे चुकीची असून ती रद्द समजावी.' पुढे मुद्दे. एक, मुलगा आज्ञाधारक नाही. भिंतीवर चेंडू मारू नये अशी लेखी नोटीस बिल्डिंगनं सहा वेळा दिली. सहाही नोटिसांवर त्यानं निशाणा धरलेला आहे.

"सात," तो मागून म्हणाला.

दोन, गणित: शंभरपैकी अठ्ठावीस.

"गुणपत्रिका जोडू का?"

"जोड."

तीन, एका कॉर्नरवरून झालेल्या वादात त्यानं गोलकीपरचा शर्ट फाडला. तो गोलकीपर सध्या कॅनडात असल्यानं साक्षीला हजर करता येत नाही. चार, अंगात ताप असताना खेळू नकोस असं सांगितल्यावर त्यानं माझ्याच किल्लीनं माझंच दार बाहेरून बंद केलं आणि खेळायला गेला. नातूरला बोलावून साक्षीदार म्हणून सही घेतली. तो म्हणाला, "साब, लिखो, बहुत बदमाश है," आणि पोराच्या डोक्यावरून हात फिरवला. स्कॅन करून तेही जोडलं.

मुलगा त्या संध्याकाळी पहिल्यांदा मोठ्यानं हसला. मग तो झोपायला समोर गेला आणि मी शेवटचं वाक्य त्याला न दाखवता लिहिलं: 'त्याच्याबरोबर खेळायला इथं आता कुणीही नाही, तरी तो रोज खाली उतरतो.'

ते वाक्य लिहून झाल्यावर मी माझ्या मुलाला पुण्याला फोन लावला. "काय करतोयस?" "नथिंग, बाबा." "शाळा?" "फाइन." "जेवलास?" "येस." मग आईकडे फोन.

कोचचं उत्तर चौथ्या दिवशी आलं. 'तो आज्ञाधारक मुलगा तुमच्याकडेच ठेवा. दुसऱ्याला जुलैत पाठवा. सहा आठवडे बघतो.'

जुलैपर्यंत अबुधाबीचं कामही बंद पडलं होतं आणि बाप कतारला गेला होता. विमानतळावर मीच सोडलं. टर्मिनलच्या दारात तो म्हणाला, "अंकल, तुम्ही पण घरी जा आता. काकूंकडे."

"इन्शाल्ला."

तीन वर्षं दुबईत काढली होती त्यानं. म्हणाला, "म्हणजे नाही." आणि आत गेला. जाताना डाव्या बुटाचं टोक फरशीवर दोनदा टेकवलं. मागे बघितलं नाही. मीही बघितलं नसतं.

सहा आठवड्यांची दोन वर्षं झाली. सुरुवातीला दर रविवारी फोन. मी सगळ्यांत बुटका आहे. आम्हाला मोठ्यांचे बूट पुसायला लावतात. आज एक गोल. मग महिन्यातून एकदा: आता अठराखालच्या टीममध्ये, आता राखीवमध्ये. मग नाताळला एक मेसेज. मग तोही नाही. माझी तक्रार नाही. उंच चढणाऱ्यानं खाली हाका मारत बसू नये, पाय घसरतो. आमच्या ऑफिसात मी अभिमानानं सांगायचो, माझा शेजारी क्लबात आहे. "इंग्लंडमध्ये?" कुणी विचारलं की मी खोली सोडून जायचो.

माझ्या वर्षभराच्या प्रश्नाची पाच वर्षं झाली. मुलं पुण्यात रुळली. भत्ता पुन्हा सुरू झाला, पण तो घ्यायला कुणी नव्हतं.

एका शनिवारी खालच्या मलबारी कॅफेटेरियात करक चहा पीत होतो. टीव्हीवर मॅच. कॅमेरा राखीव खेळाडूंच्या बाकावरून सरकला. डावीकडून तिसरा, जॅकेट हनुवटीपर्यंत ओढलेला, आणि बुटाचं टोक सिमेंटवर दोनदा. टक, टक. मी उभा राहिलो. कप सांडला. काउंटरवरच्याला म्हटलं, "तो. तो बघ." तो वळेपर्यंत कॅमेरा पुढे गेला होता. शेवटपर्यंत उभ्यानं बघितली मॅच. त्याला खेळवलं नाही.

"कोण होता, साब?" काउंटरवरच्यानं फडकं मारत विचारलं.

मी म्हटलं, "एक बदमाश."

मग बिल्डिंगच्या मागे गेलो. भिंतीला मध्यंतरी नवा क्रीम रंग दिलाय. खडू वगैरे काही नाही. पण उन्हं तिरपी झाली की रंगाखाली, गुडघ्याच्या उंचीवर, बारीक खळग्यांचा एक ठिपका दिसतो. ताटाएवढासुद्धा नाही, बशीएवढाच. तो जिथून मारायचा तिथपर्यंतची बारा पावलं मी मोजली आणि डावीकडे माझ्या जागेवर उभा राहिलो, गाड्यांकडे तोंड करून.

चेंडू काही आला नाही, त्यामुळे आणायला कुठं जावं लागलं नाही. उन्हं उतरेपर्यंत थांबलो आणि वर गेलो.